नाटकातली मुलगी मालिकेत चाललीय, "नाटकी करू नकोस" म्हणजे तिने नेमकं करायचं काय?

विंगेतला बाप:

नमस्कार मंडळी, इतके दिवस वाचनमात्र होतो, आज अडलंय म्हणून लिहितोय.

माझी मुलगी दहा वर्षांची. सहाव्या वर्षापासून बालनाट्यात आहे, म्हणजे सुट्टीतल्या शिबिराला टाइमपास म्हणून घातली आणि तिथेच रमली. आत्तापर्यंत चार नाटकं झाली, त्यातल्या एकाचे पन्नासच्या वर प्रयोग. एका प्रयोगाला कास्टिंगवालं कुणीतरी आलं होतं, त्यांनी मालिकेच्या ऑडिशनला बोलावलं, पहिली आम्ही मोबाइलवर शूट करून पाठवली, दुसरी तिकडे जाऊन झाली, सिलेक्ट झाली, पेढे वाटून झाले आणि मग मॉक शूटला (म्हणजे खऱ्या शूटिंगआधीच्या सरावाला) गाडी अडली.

डायरेक्टर भला माणूस आहे, ओरडला वगैरे नाही. पण तीन टेक झाल्यावर म्हणाला, "बाळा छान, पण नाटकी होतंय, जरा कमी कर." हिने आवाज कमी केला. "नाही नाही, आवाज नाही, सगळंच कमी." हिने हात मागे बांधून घेतले. "अगं आता एकदमच विझलीस." घरी येताना गाडीत एक शब्द बोलली नाही आणि रात्री झोपताना म्हणते, "बाबा, आमचे सर म्हणतात शेवटच्या रांगेतल्या आजोबांना ऐकू गेलं पाहिजे, आणि हे काका म्हणतात कमी कर. मग आजोबांचं काय?"

मला काही उत्तर देता आलं नाही. मी स्वतः अकाउंट्सवाला, अभिनयातलं ओ की ठो कळत नाही. महिन्याभरात शूटिंग सुरू होणार आहे. चार वर्षं जे शिकली ते आता विसरायचं का? आणि दुसरं म्हणजे शाळा, तास, पैसे, करार यातलं काय बघून घ्यायचं, कारण त्यांनी दिलेला कागद मी तीनदा वाचला आणि तिन्ही वेळा मला वेगळंच काहीतरी कळलं. ज्यांची मुलं यातून गेलीत किंवा जे स्वतः गेलेत त्यांनी प्लीज लिहा.

निरागस टोणगा:

तिला सांगा, मालिकेत आजोबांच्या हातात रिमोट असतो, आवाज ते स्वतःच वाढवतात. :)

पॅकअप कधी:

टोणग्याने गमतीत लिहिलंय पण उत्तर जवळपास तेच आहे.

मी बारा वर्षं असिस्टंट डायरेक्टर होतो, पोरांचे सीन कायम माझ्याच गळ्यात पडायचे. तर पहिलं म्हणजे "कमी कर" ही सूचनाच बोगस आहे, आम्ही घाईत असतो म्हणून बोलून जातो. कमी म्हणजे काय कमी? मोठमोठ्या नटांना कळत नाही, दहा वर्षांच्या पोरीला काय कळणार. तिने बाहेरचं कमी करताना आतलंही बंद करून टाकलं म्हणून ती विझल्यासारखी दिसली, यात तिची चूक काहीच नाही. तिला मोजमाप नका सांगू, अंतर सांगा. स्टेजवर आजोबा साठ फुटांवर बसलेत, इथे तेच आजोबा उठून तिच्यासमोर हातभर अंतरावर येऊन बसलेत. हातभर अंतरावरच्या माणसाशी आपण कसं बोलतो? एवढं कळलं की पोरं आवाज, मान, डोळे सगळं आपोआप जुळवून घेतात. (लेन्समध्ये बघायचं नाही हे मात्र शंभरदा सांगा, नाहीतर ती खरंच आजोबांना शोधायला लागेल. माझ्या एका सेटवर एकीने शोधले होते.)

शिवाय अंतर दर शॉटला बदलतं. लाँग शॉटमध्ये ती अख्खी दिसते, तिथे तिचं नाटकातलं चालणं, वळणं, हात सगळं चालतं. क्लोजमध्ये फ्रेम खांद्यापासून वर, तिथे भुवई नुसती हलली तरी उडी मारल्यासारखी दिसते. त्यामुळे तिला एक प्रश्न शिकवून ठेवा: "दादा, लाँग आहे का क्लोज?" पोरं हे विचारायला घाबरतात पण विचारलं की सेटवर सगळे खूश होतात, पोरगी तयारीची आहे असं वाटतं.

नाटकातून आलेल्या मुलांचं गाडं कुठे अडतं ते माझ्या अनुभवातून सांगतो. सगळ्यात जास्त ऐकण्यात अडतं. नाटकात मुलांना शिकवलेलं असतं की दुसरा बोलत असताना हलायचं नाही, लक्ष खेचायचं नाही, ते बरोबरच आहे. पण मालिका चालते कशावर, तर रिअ‍ॅक्शनवर. आजी बोलतेय आणि कॅमेरा नातीवर आहे, आणि नात आपलं वाक्य कधी येतंय याची वाट बघत पुतळ्यासारखी उभी. तिच्या डोक्यात पुढचं वाक्य फिरत असतं ते डोळ्यांत चक्क दिसतं. यावर घरी करण्यासारखं काही असेल तर एवढंच, की जेवताना किंवा गाडीत कुणी काही सांगत असेल तर मोबाइलवर फक्त ऐकणाऱ्याला शूट करा आणि तिला दाखवा. तिला स्वतःलाच कळेल ऐकणारा माणूस किती काय काय करत असतो.

दुसरं, प्रेक्षकांकडे तोंड ठेवायची सवय. समोर आई आहे आणि पोरगी आईशी बोलताना तिरकी उभी राहून तिसरीकडेच बघतेय, कारण तिकडे थिएटर असतं. ही सवय आठ दिवसांत जाते, काळजी करू नका.

आणि जिथे नाटकातली मुलं भाव खाऊन जातात ते पण सांगतो. एकच सीन आधी मास्टर (म्हणजे सगळे दिसतील असा अख्खा सीन सलग), मग याच्या खांद्यावरून, मग त्याच्या खांद्यावरून, मग क्लोज, म्हणजे तेच संवाद सहासात वेळा, आणि पहिल्यांदा ज्या शब्दावर पेला उचलला त्याच शब्दावर दर वेळी उचलायचा, नाहीतर एडिटवाला शिव्या घालतो. रीलमधून आलेली मुलं इथे हमखास चुकतात. नाटकातल्या पोरीला हालचाली बसवायची सवय असते, ती दहाव्यांदाही त्याच शब्दावर उचलते. जमिनीवर टेप लावलेली असते त्या मार्कवर खाली न बघता येऊन उभं राहणं, हेही त्यांना लगेच जमतं, स्टेजवर लाइट पकडायची सवय असते ना. फक्त पहिल्याच मास्टरला सगळा जीव ओतून टाकते आणि क्लोजपर्यंत दमते, म्हणून मी तरी पोरांचे क्लोज आधी उरकायचो.

शेवटचं आणि हे तुमच्यासाठी. मॉनिटरमागे उभं राहू नका. एका मुलीची आई रोज मॉनिटरमागे उभी राहून ओठ हलवायची, सगळे संवाद पाठ, मुलीपेक्षा जास्त पाठ. दर वाक्य झालं की मुलगी अर्धा सेकंद आईकडे बघायची, बरोबर झालं का म्हणून. त्या अर्ध्या सेकंदापायी आमचा अर्धा दिवस गेला. शेवटी स्पॉटदादाने त्या बाईंना चहाच्या निमित्ताने बाहेर नेलं आणि पुढचा टेक ओके.

तिसरी घंटा:

पॅकअप यांच्याशी बऱ्यापैकी सहमत, पण "सवय जाते" या शब्दाला माझी हरकत आहे. मी मुलांची नाट्यशिबिरं घेते, वीस वर्षं झाली. "नाटकी" ही शिवी कधीपासून झाली हो? खोटं असेल तर ते स्टेजवरही खोटंच दिसतं, शेवटच्या रांगेतल्या आजोबांनाही ते कळतं. मुलीला जे येतं ते मोठं आहे, खोटं नाही, आणि हा फरक तिला कुणीतरी सांगायला हवा, नाहीतर तिला वाटेल चार वर्षं आपण चुकीचंच करत होतो.

बस्टर कीटन घ्या. १८९५ चा जन्म, आईवडील व्हॉडव्हिलवाले (नाच, गाणी, विनोद असे सुटे तुकडे दाखवणारे तिकडचे स्टेज शो), हा लहानपणापासून त्यांच्या अ‍ॅक्टमध्ये, वडील त्याला स्टेजवर अक्षरशः इकडून तिकडे फेकायचे. तिथेच त्याला कळलं की आपण आपटल्यावर हसलो तर लोक कमी हसतात, चेहरा कोरा ठेवला तर जास्त. पुढे १९१७ मध्ये सिनेमात आला तो तोच कोरा चेहरा घेऊन, आणि मूकपटात त्याच चेहऱ्याने त्याला नाव मिळवून दिलं. म्हणजे स्टेजवर शिकलेली गोष्ट जशीच्या तशी कॅमेऱ्याला चालली. अलीकडचं बघायचं तर टॉम हॉलंड, स्पायडरमॅनवाला. २००८ मध्ये लंडनच्या रंगभूमीवर 'बिली एलियट' या संगीत नाटकात तो होता, आधी बिलीचा मित्र आणि नंतर स्वतः बिली, वय बारा. रोजच्या प्रयोगाला नाच, गाणं, संवाद सगळं लाइव्ह. त्यानंतर चार वर्षांनी, २०१२ मध्ये त्सुनामीवरच्या सिनेमात दिसला तर तिथे नाच नाही की गाणं नाही, नुसता घाबरलेला, दमलेला पोरगा. मुलगा तोच.

आपल्याकडचं उलट उदाहरणही आहे. लतादीदी लहानपणी वडिलांच्या संगीत नाटकांत उभ्या राहिल्या होत्या, ते आवडायचं. वडील गेल्यावर १९४२ नंतर घर चालवायला सिनेमात कामं करावी लागली आणि मेकअप, लाइट, याने सांगितलं हसा त्याने सांगितलं रडा, हे अजिबात आवडलं नाही असं त्यांनी मुलाखतींत सांगितलंय. तेव्हा एखाद्या मुलीला स्टेज आवडतं म्हणजे कॅमेरा आवडेलच असं नाही, आणि नाही आवडला तर ती कच्ची आहे असंही नाही. हे विंगेतल्या बापाने आत्ताच मनाशी धरून ठेवावं. पेढे वाटून झाले असले तरी.

आणि एक विनंती, नाटक सोडवू नका. शूटिंगच्या गडबडीत महिन्यातून एक प्रयोग जमला तरी करू द्या.

एकेकाळची परी:

लिहू का नको करत दोन दिवस गेले. मी नऊ ते तेरा वर्षांची असताना हे सगळं केलंय, आधी बालनाट्यात परी, मग एक मालिका, मग एक सिनेमा ज्यात माझे तीन सीन होते आणि राहिला एक. आता त्याच्याशी काही संबंध नाही, आयटीत आहे, खूश आहे.

वरती टेक्निकल बरंच आलंय म्हणून ते सोडते. मला कुणी न सांगितलेली गोष्ट म्हणजे शांतता. नाटकात तुम्ही विनोद केला की हशा येतो, तो संपेपर्यंत थांबायचं आणि मग पुढचं वाक्य, माझं सगळं टायमिंग त्या हशावर उभं होतं. सेटवर मी माझा हुकमी विनोद केला आणि... काहीच नाही. पंचवीस माणसं श्वास रोखून उभी, साउंड चालू असतो ना. "कट. ओके. नेक्स्ट." मला वाटलं घाण झालं. पहिला आठवडा मी रोज रात्री रडायचे की कुणालाच आवडत नाहीये, आणि आईला वाटायचं मी दमलेय. ओके म्हणजे छान झालं हे मला एका मेकअपदादाने सांगितलं, तेही सहज बोलता बोलता. तुमच्या मुलीला हे आधीच सांगा. हशा आता चार आठवड्यांनी कुणाच्या तरी घरात येणार आहे आणि तो तिला ऐकू येणार नाहीये.

दुसरं, दात. हसू नका. माझा वरचा दात एका सीनच्या मधे पडला. म्हणजे सीनचा अर्धा भाग सोमवारी झाला, दात मंगळवारी पडला आणि उरलेला अर्धा बुधवारी. नाटकात दात पडला तर कुणाच्या लक्षातही येत नाही, उलट प्रेक्षकांना गोड वाटतं. इथे सगळे माझ्या तोंडात वाकून बघतायत आणि माझ्यामुळे काम थांबलंय अशी अपराधी भावना. परदेशात म्हणे अशा मुलांना काढघालीचा खोटा दात करून देतात. मला ओठ मिटून रडायला सांगितलं.

आणि तिसरं, लीप. हे सगळ्यात वाईट. मालिका चालली तर एक दिवस गोष्ट दहा वर्षं पुढे जाणार आणि तुमच्या मुलीच्या जागी वीस वर्षांची कुणीतरी येणार. नाटकात शेवटचा प्रयोग आधी माहीत असतो, सगळे रडतात, फोटो काढतात, मिठ्या मारतात. मला माझा शेवटचा दिवस शेवटचा आहे हे पॅकअप झाल्यावर कळलं. सेटवर ज्या बाईंना मी वर्षभर आई म्हणत होते त्या त्या दिवशी शूटला नव्हत्याच. प्रॉडक्शनच्या माणसाने बाबांना फोनवर सांगितलं की उद्यापासून कॉल टाइम (सेटवर हजर व्हायची वेळ) नाही. नाव घेत नाही, घेऊन उपयोगही नाही. पण तुम्ही आधीच विचारून ठेवा की तिचा ट्रॅक, म्हणजे गोष्टीतला तिचा भाग, साधारण कधीपर्यंत आहे, आणि निदान चार दिवस आधी मुलीला सांगा असं त्यांना बजावा.

चांगलं काही नव्हतं असं नाही हां. पाठांतर. नाटकात दोन महिने तालीम असायची, इथे सीनचे कागद त्याच दिवशी हातात. चार वर्षांनी माझं डोकं असं झालं होतं की दहावीला इतिहास एका रात्रीत.

काळा कोट:

पैसे आणि तास या विषयावर कुणीच लिहिलं नाही म्हणून.

विंगेतला बाप, भारतात १४ वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवता येत नाही, पण बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली तेव्हा चित्रपट, मालिका, जाहिराती अशा ठिकाणी कलाकार म्हणून काम करायला सवलत ठेवली (सर्कशीला नाही), आणि २०१७ च्या नियमांत अटी घातल्या. दिवसाला जास्तीत जास्त ५ तास. सलग ३ तासांच्या वर नाही, मधे विश्रांती हवीच. सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम नाही. निर्मात्याने आधी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची, त्यासोबत पालकांची संमती आणि मुलांच्या सुरक्षिततेची जबाबदारी कुणाची त्या माणसाचं नाव द्यायचं, आणि असा एक माणूस जास्तीत जास्त पाच मुलांमागे. शाळेचा अभ्यास बुडू नये याची सोयही त्यांनीच करायची. तुमचं काम एवढंच की ही परवानगी दाखवा असं नम्रपणे म्हणायचं. बरेच पालक विचारतच नाहीत, कारण विचारलं तर रोल जाईल ही भीती. आणि कॉल टाइम ते पॅकअप हे तास स्वतः एका वहीत लिहून ठेवा, भांडण झालं तर वही कामाला येते.

पैशांचं, मुलीच्या कमाईतले किमान २० टक्के थेट तिच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत गेले पाहिजेत, ते तिला सज्ञान झाल्यावर मिळतात. थेट म्हणजे आधी तुमच्या खात्यात आणि मग तुम्हाला आठवलं की तिच्या, असं नाही. तुम्ही अकाउंट्सवाले आहात म्हणून हेही सांगतो, मुलाने स्वतःच्या कलेवर कमावलेलं उत्पन्न आईबापाच्या उत्पन्नात मिळवत नाहीत, ते तिचं वेगळं, त्यामुळे तिचं पॅन काढून घ्या.

करारावर सही तुमची, कारण अज्ञान, म्हणजे सज्ञान न झालेल्या, व्यक्तीचा करार आपल्याकडे मुळातच रद्दबातल, १९०३ सालापासून हे ठरलेलं आहे. म्हणून तीनदा वाचलात ते बरंच केलंत, चौथ्यांदा वकिलासोबत वाचा. त्यात किती वर्षं दुसरीकडे काम करायचं नाही असं लिहिलंय ते आधी शोधा, आणि त्या "काम" मध्ये नाटक धरलंय का ते बघा. धरलेलं असेल तर वर तिसरी घंटा यांनी सांगितलेला महिन्याचा एक प्रयोगही गेला.

मुलाच्या कमाईला असं संरक्षण का लागतं याची एक गोष्ट वाचण्यासारखी आहे. जॅकी कूगन नावाचा पोरगा, हाही व्हॉडव्हिलच्या स्टेजवरचाच, चॅप्लिनने त्याला तिथे पाहिला आणि १९२१ च्या 'द किड' मध्ये घेतला. लाखो डॉलर कमावले. मोठा होऊन बघतो तर आई आणि सावत्र बापाने जवळपास सगळे उडवलेले, आणि तेव्हाच्या कायद्याने मुलाची कमाई आईबापाचीच. तो १९३८ मध्ये कोर्टात गेला, हाती फार थोडं लागलं, पण त्याच्या नावाने १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात कायदा झाला. आज तिथे १५ टक्के बाजूला ठेवावे लागतात.

निरागस टोणगा:

म्हणजे आपले ५ टक्के जास्त. चला, कुठेतरी पुढे आहोत.

काळा कोट:

कागदावर.

विंगेतला बाप:

सगळ्यांचे मनापासून आभार, खरंच. परी, तुमचा प्रतिसाद बायकोला वाचून दाखवला, मग आम्ही दोघं बराच वेळ गप्प बसलो.

आता रिपोर्ट. करारात "इतर कोणतेही सादरीकरण" असं होतं, वकिलांना दाखवलं, त्यांनी नाटकाला सूट असं एक वाक्य घालायला सांगितलं आणि निर्मात्यांच्या ऑफिसने घातलं, मला वाटलं होतं तेवढा त्रास झाला नाही. परवानगीचा कागद विचारल्यावर मात्र समोरचे जरा चाचरले, "प्रोसेसमध्ये आहे" म्हणाले. तो हातात आल्याशिवाय येत नाही असं सांगितलंय. बघू. रोल गेला तर गेला, असं बायको म्हणाली, मी नाही म्हणालो, पण तिने म्हटल्यावर मान डोलावली.

लेकीला पॅकअपदादांचं अंतराचं सांगितलं. तिने लगेच विचारलं, "मग आजोबांना तिकीट कुठलं, पहिल्या रांगेचं?" मी म्हटलं त्याच्याही पुढचं. मग मोबाइल लावून आजीला (माझ्या आईला) तिच्या शाळेतली गोष्ट सांगायला बसवलं आणि कॅमेरा फक्त लेकीवर. पहिल्यांदा खूप गोड गोड माना डोलावल्या तिने, ते बघून तिलाच हसू आलं. दुसऱ्यांदा ती विसरली की शूट चालू आहे, कारण आजी त्या गोष्टीत मधेच आपल्या मेलेल्या मैत्रिणीवर घसरली. तो दीड मिनिटांचा व्हिडिओ मी चार वेळा बघितलाय. पोरगी काहीच करत नाहीये. फक्त एकदा आजीचा पदर सरळ करते.

दुसरं मॉक शूट शनिवारी आहे. मी बाहेर चहाला जाणार आहे, पॅकअपदादा, आधीच सांगून ठेवतो. वरचा एक दात हलतोय पण.